एरिक : एका लहानशा नावाची दूरवरची वाटचाल

गेल्या वर्षी पावसाळ्याच्या आरंभी येरवड्यातील आमच्या ओळखीच्या एका घरी बाळ जन्मले. आठ दिवस उलटतात न उलटतात तोच त्या आनंदाच्या घरात नावावरून वाद उभा राहिला. घर साधे आणि श्रद्धाळू. आजी नगर जिल्ह्यातील एका खेड्यातून लग्न होऊन पुण्यात आलेल्या. आजोबांना देवाघरी जाऊन तीन वर्षे झालेली. नातवाला आजोबांचेच नाव द्यावे, अशी आजींची इच्छा. मुलाने आणि सुनेने मात्र ‘एरिक’ हे नाव मनाशी ठरवून टाकले होते. नाव लहान आहे, जिभेवर सहज बसते, शाळेच्या हजेरीपटावर किंवा पासपोर्टावर कोणी ते चुकीचे लिहिणार नाही, ही त्यांची कारणे.

बाळाचे काका ह्या नावावर नाराज होते. ते म्हणाले, “आधीच लोक आम्हाला विचारतात, तुम्ही मराठी इतके चांगले कसे बोलता? जणू आपण काल जहाजातून उतरलो आहोत! त्यात आणखी हे विलायती नाव कशाला?” बाळाची आत्या अधिक व्यवहारी. नाव ठेवण्याचा मान तिचा. तिने आम्हालाच विचारले, “ह्या नावाचा कोणी संत तरी आहे का हो? आणि नावाला काही अर्थ आहे, की नुसताच आवाज?”

अशा प्रसंगी संत लूकच्या शुभवर्तमानातील पहिला अध्याय आठवतो. एलिझाबेथच्या बाळाचे नाव ‘योहान’ ठेवायचे ठरले तेव्हा शेजारीपाजारी आणि नातेवाईक असेच हरकतीला उभे राहिले होते. तुमच्या कुळात ह्या नावाचा कोणी नाही, असे त्यांचे म्हणणे. अखेर वाचा गेलेल्या जखऱ्याने पाटी मागवली आणि तिच्यावर नाव लिहिले, तेव्हा कुठे वाद मिटला. म्हणजे नावावरून होणारे घरगुती तंटे शुभवर्तमानाइतकेच जुने आहेत. आत्याबाईंच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरे शोधताना आम्हाला जो इतिहास सापडला, तो वाचकांपुढे ठेवीत आहोत.

नावाचा अर्थ

एरिक हे नाव उत्तर युरोपातील, म्हणजे स्वीडन, नॉर्वे आणि डेन्मार्क ह्या देशांतील आहे. तेथील प्राचीन नॉर्स भाषेत त्याचे रूप ‘एइरीकर’ असे होते. ह्या शब्दाचे दोन भाग पडतात. दुसऱ्या भागाविषयी विद्वानांत मतभेद नाही. ‘रीकर’ म्हणजे सामर्थ्यवान, राज्य करणारा. पहिल्या भागाविषयी दोन मते आहेत. काही विद्वान ‘एइ’ ह्याचा अर्थ ‘सदा, निरंतर’ असा करतात, तर काही ‘एक, एकटा’ असा. तेव्हा एरिक म्हणजे ‘सदा राज्य करणारा’ किंवा ‘एकमेव राजा’.

येथे एक मौज आहे. ‘रीक’ हा शब्द लॅटिनमधील ‘रेक्स’ आणि संस्कृतातील ‘राजन्’ ह्यांच्याच कुळातला. ‘राजन्’ झिजत झिजत मराठीत ‘राय’ झाला, ‘राव’ झाला. बाजीरावातील ‘राव’ आणि एरिकमधील ‘रिक’ हे अशा रीतीने फार दूरचे का होईना, पण चुलतभाऊ ठरतात. पहिल्या भागाचा अर्थ ‘सदा’ असा धरला, तर त्याचे नाते संस्कृतातील ‘आयु’ शब्दाशी लागते. ‘एक’ असा धरला, तर आपल्या ‘एक’ ह्या शब्दाशी, म्हणजे पैठणच्या एकनाथांच्या नावातील पहिल्या अक्षरांशी लागते. मराठीत आणायचेच झाले तर ह्या नावाला ‘चिरराव’ किंवा ‘एकराव’ म्हणता येईल. आपल्या घरोघरी असलेले हेन्री, फ्रेडरिक, रिचर्ड हेही ह्याच ‘रीक’ शब्दाचे धनी आहेत.

युरोपातील आणि आपल्याकडील भाषांचे हे साम्य आपल्या भूमीवर लिहून ठेवणाऱ्या पहिल्या मंडळींत एक कॅथोलिक धर्मगुरू होते, हे आपल्या वाचकांना सांगताना आम्हाला आनंद होतो. ‘ख्रिस्तपुराणा’चे कर्ते, येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स हे १५७९ मध्ये गोव्यात आले. १५८३ मध्ये आपल्या भावाला लिहिलेल्या पत्रात त्यांनी येथील भाषांची घडण ग्रीक आणि लॅटिनसारखी असल्याचे नमूद केले. सर विल्यम जोन्स ह्यांनी कलकत्त्यात हाच विचार मांडला तो १७८६ मध्ये, म्हणजे दोनशेहून अधिक वर्षांनी.

आणि शब्दांची कुळे शोधण्याचे काम आमच्या येरवड्यात तर पिढ्यानपिढ्या चालत आले आहे. १८६८ पासून येथे असलेल्या डेक्कन कॉलेजच्या आवारात १९४८ मध्ये संस्कृतच्या ऐतिहासिक महाकोशाचे काम हाती घेण्यात आले. कोशाचा आरंभीचा भाग १९७६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि त्यानंतर चार दशके उलटली तरी विद्वान ‘अ’ ह्या एका अक्षरातच गुंतलेले होते. ‘आयु’ शब्दाची पाळी आलेली नव्हती. ज्या गावात एका अक्षरासाठी माणसे आयुष्य वेचतात, त्या गावाने तीन अक्षरांच्या नावाला ‘नुसता आवाज’ म्हणू नये.

समुद्रावरचा तांबडा एरिक

नाव अर्थपूर्ण असले तरी आरंभी ते ख्रिस्ती मुळीच नव्हते. जहाजांतून लुटालूट करीत फिरणाऱ्या व्हायकिंग लोकांचे ते नाव. त्यांच्यातील सर्वांत प्रसिद्ध एरिक म्हणजे तांबड्या केसांमुळे ‘तांबडा एरिक’ म्हणून ओळखला जाणारा दर्यावर्दी. मनुष्यवधाच्या गुन्ह्यासाठी त्याला आइसलँडमधून हद्दपार करण्यात आले, तेव्हा तो पश्चिमेकडे निघाला आणि एका हिमाच्छादित भूमीला लागला. पुढे ९८५ च्या सुमारास त्याने तेथे वसाहत केली. त्या बर्फाळ प्रदेशाला त्याने ‘ग्रीनलँड’, म्हणजे ‘हिरवी भूमी’, असे नाव दिले. का, तर नाव चांगले असले म्हणजे माणसे तिकडे यायला राजी होतील, असे तो म्हणाल्याचे जुन्या सागाकथा सांगतात. नावाची ओढ काय असते, हे ह्या एरिकला चांगले कळत होते.

त्याच्या घरची गोष्ट मात्र आपल्या वाचकांना अधिक जवळची वाटेल. त्याचा मुलगा लेइफ नॉर्वेच्या राजाच्या दरबारी गेला आणि इसवी सन १००० च्या सुमारास ख्रिस्ती धर्म घेऊन घरी परतला. एरिकला नवा धर्म रुचला नाही. त्याच्या पत्नीने, थ्योधिल्डने, मात्र तो लगेच स्वीकारला आणि घरापासून थोड्या अंतरावर एक लहानसे प्रार्थनामंदिर बांधले. पती धर्म स्वीकारीत नाही तोवर त्याच्याशी संसार करण्यास तिने नकार दिला आणि त्यावरून एरिक फार चिडला, असे सागाकथा सांगते. १९६१ मध्ये ग्रीनलँडमध्ये एरिकच्या वाडीजवळ जमीन खणताना एका चिमुकल्या मंदिराचे अवशेष आणि भोवतालची दफनभूमी सापडली. तेच थ्योधिल्डचे मंदिर असे मानले जाते. घरातील बाई आधी श्रद्धेला जागते आणि घरधनी मागाहून, किंवा कधीच नाही, हा अनुभव एकट्या ग्रीनलँडचा नसावा.

उप्सालाचा संत एरिक

आता आत्याबाईंचा प्रश्न. एरिक नावाचा संत आहे का? आहे. त्याचा सण १८ मे रोजी येतो.

बाराव्या शतकाच्या मध्यास स्वीडनमध्ये एरिक नावाचा राजा होऊन गेला. त्याच्या हयातीतील लेखी पुरावा फारच थोडा आहे. त्याचे चरित्र त्याच्यानंतर शंभराहून अधिक वर्षांनी लिहिले गेले, हे प्रथमच सांगितले पाहिजे. ते चरित्र सांगते की, राजा एरिकने उप्सालाचे मंदिर बांधून पुरे केले, प्रजेला न्याय दिला, आणि बिशप हेन्री ह्यांना बरोबर घेऊन फिनलँडवर स्वारी केली. तलवारीच्या सोबतीने धर्म नेण्याची ती रीत आज आपल्याला पटणार नाही. ख्रिस्तसभाही आज तिचे समर्थन करीत नाही. पण राजाच्या अखेरीची कथा मनाला भिडते. १८ मे ११६० रोजी तो उप्साला येथे मिस्साबलिदानात सहभागी झाला असता शत्रू जवळ येऊन ठेपल्याची वर्दी आली. लोकांनी निघण्याची घाई केली. तेव्हा, मिस्सा पुरी होऊ द्या, उरलेली उपासना आपण दुसरीकडे करू, अशा अर्थाचे उत्तर देऊन तो जागचा हलला नाही. मिस्सा संपल्यावर तो बाहेर पडला, शत्रूने त्याला घेरले आणि त्याचे मस्तक धडावेगळे केले.

रोमहून त्याला रीतसर संतपद दिले गेले नाही. त्या काळी अनेक संत लोकांच्या भक्तीतूनच वेदीवर चढत. एरिक त्यांपैकी एक. त्याचा मुलगा क्नूट पुढे राजा झाला आणि त्याने पित्याच्या भक्तीला उत्तेजन दिले. संत एरिक स्वीडनचा आश्रयदाता मानला गेला, आणि स्टॉकहोम शहराच्या मुद्रेवर त्याचे मुकुटधारी मस्तक आजही आहे.

कथा किती खरी आणि किती रचलेली, हा प्रश्न इतिहासाला पडतोच. त्याच्या अस्थी उप्सालाच्या कॅथेड्रलमध्ये एका पेटीत शतकानुशतके जतन केलेल्या आहेत. २०१४ मध्ये ती पेटी उघडून शास्त्रज्ञांनी अस्थींची तपासणी केली आणि २०१६ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. अस्थी ३५ ते ४० वर्षे वयाच्या सुदृढ पुरुषाच्या होत्या आणि त्यांचा काळ राजा एरिकच्या काळाशी जुळत होता. मृत्यूच्या वेळी झालेल्या किमान नऊ वारांच्या खुणा हाडांवर आढळल्या; त्यांतील सात पायांवर होत्या. मानेचा एक मणका कापला गेलेला होता. आणखी एक गोष्ट आम्हाला विशेष वाटली. हाडांच्या रासायनिक तपासणीवरून ह्या मनुष्याच्या आहारात गोड्या पाण्यातील मासे भरपूर होते असे दिसले, आणि त्यावरून तो ख्रिस्तसभेचे उपवासाचे नियम पाळीत असावा, असे संशोधकांनी अनुमान काढले. मांस वर्ज्य असलेल्या दिवसांची साक्ष एखाद्याची हाडे साडेआठशे वर्षांनी देतात, हे वाचून उपवासकाळातील आपले निमित्त सांगणे आम्हाला थोडे अवघड झाले आहे.

सोळाव्या शतकात स्वीडन रोमपासून वेगळा झाला. संतांचे सण मागे पडले, कॅथोलिक धर्म स्वीकारणे हा गुन्हा ठरला. १८५८ मध्ये सहा स्त्रियांना कॅथोलिक झाल्याबद्दल देशाबाहेर घालवण्यात आले. पुढे १८६० मध्ये तो कायदा सैल झाला. इतक्या उलथापालथीत संत एरिकच्या अस्थी मात्र ल्यूथरन बांधवांनीच सांभाळल्या, आणि स्वीडनच्या घरोघरी मुलांना एरिक हे नाव देणे कधी थांबले नाही. २०१७ मध्ये अँडर्स आर्बोरेलियस हे स्वीडनचे पहिले कार्डिनल झाले. धर्माची वाट काही काळ बंद झाली तरी कधीकधी नावांची वाट उघडी राहते, ती अशी.

मुंबईत जन्मलेला लेखक

स्वीडनमधील नाव आमच्या येरवड्याला कसे पोहोचले? ह्याचे उत्तर शोधताना आम्ही अनपेक्षितपणे मुंबईत आणि नाशकात येऊन थांबलो.

इंग्लंडमध्ये हे नाव व्हायकिंग लोकांबरोबर गेले होते, पण पुढे ते जवळजवळ विसरले गेले. एकोणिसाव्या शतकात त्याचे पुनरुज्जीवन झाले, आणि नामकोशकार त्याचे बरेचसे श्रेय एका कादंबरीला देतात. १८५८ मध्ये, म्हणजे त्या सहा स्त्रिया स्वीडनमधून हद्दपार झाल्या त्याच वर्षी, ‘एरिक, ऑर लिट्ल बाय लिट्ल’ ही शालेय जीवनावरील कादंबरी प्रसिद्ध झाली. तिचे लेखक फ्रेडरिक विल्यम फरार हे ७ ऑगस्ट १८३१ रोजी मुंबईच्या कोटात जन्मले होते. त्यांचे वडील रेव्हरंड चार्ल्स फरार हे चर्च मिशनरी सोसायटीचे मिशनरी. नाशिक येथे १८३२ मध्ये त्या सोसायटीचे काम ज्यांनी सुरू केले, त्यांत ते होते. म्हणजे ज्या लेखणीने एरिक हे नाव इंग्रजी घरांत रुजवले, ती लेखणी धरणारा हात मराठी मुलुखात जन्मलेला होता.

त्या काळच्या रीतीप्रमाणे लहानग्या फ्रेडरिकला तीन वर्षांचा असतानाच इंग्लंडला मावश्या-आत्यांकडे ठेवण्यात आले. कादंबरीतील एरिकही तसाच. आईवडील हिंदुस्थानात, मुलगा नातेवाइकांच्या घरी, मग वसतिगृह. मुलगा मनाचा चांगला, पण आधी एक लहानशी चूक, मग दुसरी, मग शिवीगाळ, तंबाखू, दारू, असा पायरी पायरीने घसरत जातो. जवळचा मित्र जातो, धाकटा भाऊ जातो. मुलाच्या बदनामीची वार्ता ऐकून आई खचून मरण पावते आणि पश्चात्तापाने पोळलेला एरिक अकालीच जगाचा निरोप घेतो.

आता प्रश्न असा की, ज्या कथेचा नायक इतका दुर्दैवी, त्या नायकाचे नाव लोकांनी आपल्या मुलांना का बरे दिले असेल? कादंबरीच्या आवृत्त्यांवर आवृत्त्या निघाल्या आणि नावही पसरत गेले. आमच्या मते उत्तर आईबापांच्या हृदयात आहे. कथा वाचून त्यांना त्या मुलाचा राग आला नाही, त्याची माया वाटली. हा मुलगा आपल्या घरी असता तर आपण त्याला वाचवले असते, असे प्रत्येक आईला वाटले असावे. उधळ्या पुत्राच्या दाखल्यातही आपले मन त्या धाकट्याकडेच ओढ घेते, थोरल्याकडे नव्हे.

फरार स्वतः पुढे कँटरबरीचे डीन झाले. त्यांनी लिहिलेले ख्रिस्तचरित्र १८७४ मध्ये निघाले आणि फार वाचले गेले. भाषांच्या कुळांचा अभ्यास हाही त्यांचा आवडीचा विषय. ते अँग्लिकन होते, आपल्या ख्रिस्तसभेचे नव्हते. पण आपल्या मुलांच्या नावांमागे त्यांचा हात आहे हे ठाऊक असावे. १९०३ च्या मार्चमध्ये त्यांचे निधन झाले. त्याच वर्षीच्या जूनमध्ये बिहारातील मोतीहारी येथे एका इंग्रज अंमलदाराच्या घरी मुलगा जन्मला. त्याचे नाव एरिक ब्लेअर. त्याला स्वतःचे हे नाव कधीच आवडले नाही, आणि लेखक झाल्यावर त्याने जॉर्ज ऑर्वेल हे टोपणनाव घेतले.

ह्यापुढचा टप्पा हा आमचा तर्क आहे. मुंबईत आणि पुण्याच्या छावणीत इंग्रज अंमलदारांची वस्ती होती. तेथील कचेऱ्यांत, रेल्वेत आणि शाळांत आपल्या लोकांचा वावर होता. पोर्तुगीज काळातील लांबलचक नावांच्या जागी लहान, सुटसुटीत इंग्रजी नावे तेथूनच घरांत आली असावीत. लॅटिनमध्ये स्नानसंस्काराची नोंद लिहिणाऱ्या धर्मगुरूंना ह्या नावाची अडचण नव्हती. संताचे लॅटिन नाव ‘एरिकुस’ तयारच होते. एरिकसारखीच उत्तरेकडून आलेली आणखीही नावे आपल्यात आहेत. ओल्गा हे मूळचे ‘हेल्गा’, म्हणजे ‘पवित्र’. ९६९ मध्ये निवर्तलेली कीव्हची राणी संत ओल्गा हिने ते रशियन लोकांत नेले. कारेन हे डॅनिश लोकांनी आखूड केलेले कॅथरीन. आपल्या ओल्गामावश्यांना आणि कारेनताईंना आपण कुठून आलो हे क्वचितच ठाऊक असते.

नाव धारण करणारे दोघे

नावाला पुढे अर्थ येतो तो ते धारण करणाऱ्यांमुळे. विसाव्या शतकातील दोघांचा येथे उल्लेख करतो.

एरिक लिडेल हे स्कॉटिश मिशनरी आईवडिलांच्या पोटी १९०२ मध्ये चीनमध्ये जन्मले. १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये त्यांची खरी शर्यत शंभर मीटरची. पण तिची प्राथमिक फेरी रविवारी होती. प्रभूचा दिवस मोडणार नाही, असे म्हणून त्यांनी ती शर्यत सोडली. चारशे मीटरमध्ये ते धावले आणि सुवर्णपदक जिंकले. एवढ्यावरच ही कथा संपती तरी ती चांगलीच होती. पण लिडेल मिशनरी होऊन चीनला परतले, महायुद्धात जपान्यांच्या छावणीत कैद झाले, तेथे मुलांना शिकवीत, खेळवीत राहिले आणि २१ फेब्रुवारी १९४५ रोजी छावणीतच मरण पावले. संत एरिक मिस्सेवरून उठला नाही; हा एरिक रविवारी धावला नाही. दोघांच्या मध्ये जवळजवळ आठशे वर्षे आहेत, पण हट्ट एकच.

दुसरे एरिक एरिक्सन, मानसशास्त्रज्ञ. त्यांची आई डॅनिश ज्यू. जन्मदाता पिता कोण, हे त्यांना अखेरपर्यंत कळले नाही. लहानपणी त्यांनी सावत्र पित्याचे आडनाव लावले. पुढे अमेरिकेचे नागरिक होताना त्यांनी स्वतःसाठी ‘एरिक्सन’ हे आडनाव निवडले. त्याचा अर्थ ‘एरिकचा मुलगा’. ‘मी कोण?’ ह्या प्रश्नाने तरुण मनाची होणारी घालमेल जगाला समजावून सांगणारा विद्वान स्वतः नावाच्या प्रश्नातून गेला होता. आणि ह्याच एरिक्सन ह्यांनी १९६९ मध्ये महात्मा गांधींवर मोठा ग्रंथ लिहिला. १९२३ मध्ये ज्यांनी दक्षिण आफ्रिकेतील सत्याग्रहाचा इतिहास लिहिण्यास येरवड्याच्या तुरुंगात आरंभ केला, तेच गांधीजी. एरिक हे नाव अशा आडवाटेनेही आमच्या गावाच्या भिंतीपाशी येऊन गेले आहे.

परके नाव कोणते?

काकांच्या आक्षेपाचे उत्तर द्यायचे राहिले, आणि तो आक्षेप हलका नव्हे. मराठी मातीत जन्मून, मराठीत प्रार्थना करूनही ‘तुम्ही कुठले?’ हा प्रश्न ऐकावा लागतो, त्याचे दुःख आपल्यातील प्रत्येकाला ठाऊक आहे. पण त्या दुःखाचे मूळ नावात आहे का?

फ्रान्सिस हे नाव घ्या. आपल्या धर्मग्रामात ह्या नावाचे किती तरी जण असतील. आसिसीच्या संताचे स्नानसंस्काराचे नाव खरे तर ‘ज्योव्हान्नी’, म्हणजे योहान. व्यापारी बापाने त्याला ‘फ्रान्चेस्को’ म्हणायला सुरुवात केली. त्याचा अर्थ ‘फ्रेंच’. इटलीतील त्या गावात ते नाव किती परके वाटले असेल! एका दरिद्री साधूने ते धारण केले आणि ते जगभर आपले झाले. झेवियर हे तर माणसाचे नावच नव्हे. बास्क भाषेतील गावाचे नाव, अर्थ ‘नवे घर’. मराठीत त्याला ‘नवघरे’ म्हटले असते, आणि ह्या आडनावाची माणसे आपल्याकडे आहेतच.

आरंभीच्या ख्रिस्तसभेकडे पाहिले तरी हेच दिसते. संत पौलाने रोमकरांस पाठवलेल्या पत्राच्या शेवटच्या अध्यायात फीबी, हर्मेस, नीरियस अशी नावे येतात. ती ग्रीकांच्या देवदेवतांची नावे. प्रेषितांच्या कृत्यांतील अपोल्लोस हा विद्वान उपदेशकही तसाच. स्नानसंस्काराच्या पाण्याने माणूस नवा झाला. त्याचे जुने नाव बदललेच पाहिजे, असे तेव्हा कोणी म्हटले नाही. आपल्या महाराष्ट्रातही नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि ‘नारायण’ हे नाव अखेरपर्यंत जपले. नगरकडील आपल्या माणसांनी तर याकोब, शांतवन, भास्कर, प्रकाश अशी नावे शेजारी शेजारी नांदवली.

ख्रिस्तसभेचा कायदाही ह्या बाबतीत हळूहळू अधिक मोकळा झाला आहे. १९१७ च्या कायद्यानुसार बाळाला ख्रिस्ती नाव मिळेल हे पाहणे धर्मगुरूंचे कर्तव्य होते. आईबापांनी ऐकलेच नाही, तर त्यांनी ठरवलेल्या नावाला एका संताचे नाव जोडून दोन्ही नावे नोंदवहीत लिहावीत, असे त्यात सांगितले होते. १९८३ च्या कायद्याचे ८५५ वे कलम एवढेच म्हणते की, ख्रिस्ती भावनेला विसंगत असे नाव देऊ नये. एरिक त्यात बसते. आणि अनिल, सुहास, आशा हीही बसतात. पण ज्याला मराठी नाव हवे त्याने ते अभिमानाने ठेवावे आणि ज्याला एरिक हवे त्याने त्याचा इतिहास जाणून ठेवावे, एवढे मात्र आम्ही सुचवू. अर्थ न जाणता केवळ लहान आहे, नवे आहे म्हणून उचललेले नाव मुलाला अंगावरच्या सदऱ्यासारखे होते. अर्थ सांगून दिलेले नाव त्याच्या हाती शिदोरी होते.

दिब्रिटो हे आडनाव पोर्तुगिजांनी दिलेले, पण फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी बसले ते त्यांच्या मराठीच्या बळावर. परकेपणा नावाला चिकटलेला नसतो. आपण आपली भाषा सोडली, तर मात्र नाव नारायण असले तरी ते परके वाटू लागेल.

हे सारे आम्ही त्या घरी जाऊन सांगितले. तुकड्यातुकड्यांनी, चहा घेत, कारण बाळ मध्येच रडत होते. संत एरिकने मिस्सा अर्धी टाकली नाही, हे आजींना फार आवडले. थ्योधिल्डची गोष्ट त्यांनी दोनदा सांगायला लावली आणि सुनेकडे पाहून हसल्या. काका गप्प होते.

स्नानसंस्कार पुढच्या महिन्यातील एका रविवारी झाला. नोंदवहीत दोन नावे लिहिली गेली : आधी एरिक, मागोमाग आजोबांचे नाव. आत्याने बाळाच्या कानात कुर्र केले आणि दोन्ही नावे सांगितली. आजींच्या खेड्यातल्या जिभेवर शब्दाच्या आरंभी ‘ए’ टिकत नाही, त्याचा ‘ये’ होतो; ‘एक’चा ‘येक’ होतो तसा. त्यांच्या तोंडी नातू पहिल्याच दिवशी ‘येरिक’ झाला, आणि नाव कुठले, हा वाद तेवढ्यापुरता तरी आपोआप मिटला.

निमंत्रणपत्रिका काकांनीच छापून आणल्या होत्या, आणि त्या संपूर्ण मराठीत होत्या. वर ठळक अक्षरांत लिहिले होते : ‘चि. एरिक’. ‘चि.’ म्हणजे चिरंजीव, सदा जगणारा. आणि एरिकमधील पहिले अक्षरही एका मताप्रमाणे तेच सांगते. काकांना हे ठाऊक नव्हते. आम्ही सांगितले तेव्हा त्यांनी पत्रिका पुन्हा एकदा डोळ्यांजवळ धरून वाचली, घडी घातली आणि आपल्या प्रार्थनापुस्तकात ठेवून दिली.